अमायलेज म्हणजे किडे नाहीत

नांदगाव पेठेतल्या एका कापड कारखान्यात ज्योत्स्नाबाई तायडे अकरा वर्षं कापडावरची स्टार्चची खळ काढायच्या मशीनवर होत्या. खळ काढणारं औषध जणू ती खाऊन टाकतं, म्हणून सगळे कामगार त्याला ‘किडे’ म्हणत. ज्योत्स्नाबाईंनी मात्र डब्यावरचं ‘अमायलेज’ हे नाव मुलीच्या विज्ञानाच्या पुस्तकात शोधून काढलं होतं.

एके सकाळी धुतलेल्या कापडावर आयोडीनचा थेंब टाकला, तर तो निळा झाला. म्हणजे खळ तशीच होती. नवे इंजिनिअर ईशान देशपांडे म्हणाले, “औषधच खराब आलंय. डबे परत पाठवू.”

“औषध चांगलं आहे, सर,” बाई म्हणाल्या. “पाणी उकळतं होतं. अमायलेज म्हणजे विकर, एन्झाइम. आपल्या लाळेतबी असते, म्हणून तर भाकर चावून चावून गोड लागते. ते काही जिवंत किडे नाहीत, पण उकळत्या पाण्यात निकामी होते. साठ डिग्रीवर टाकून पाहा.”

ईशाननी पाणी निवू दिलं. दुसऱ्या खेपेला थेंब पिवळाच राहिला.

“ताई, हे कुठं शिकलात?”

“लेकीजवळ.”

दुपारच्या पाळीला अमायलेज ज्योत्स्नाबाईंनीच समजावून सांगितलं. ईशान सगळ्यांच्या मागे उभे राहून ऐकत होते.