पहिल्या नंबरचा कांदा कुणी खाल्ला?

किस्से साठवणीच्या चाळीतल्या कांद्यासारखे असतात. वरवर सगळे कोरडे, खणखणीत दिसतात. खाली हात घातला की एखादा ओला लागतो आणि मग वास बोटांना राहतो. कडा गावातल्या आमच्या शेतकरी कंपनीत मी तीन वर्षं निर्यातीचं काम बघितलं. तिथल्या गोष्टी मैत्रिणींना सांगते तेव्हा त्या पोट धरून हसतात. मीही हसते. पण ओला कांदा दर वेळी हाताला लागतोच.

* * *

संभाजीनगरला अर्थशास्त्रात एम.ए. करून आले होते, त्यामुळे गप्प बसणं ठाऊकच नव्हतं! पहिल्याच दिवशी शेडमध्ये कांदा निवडणाऱ्या बायकांसमोर मी भाषण ठोकलं. निर्यातीनं देश कसे वर येतात, परकीय चलन म्हणजे काय, जग हीच आपली बाजारपेठ वगैरे. बायकांचे हात एक क्षणही थांबले नाहीत.

त्यांची म्होरकी सुशीलामावशी. तिनं मान वर न करताच विचारलं, "ताई, आपला कांदा तिकडं जातो. तिकडून काय येतं?"

"डॉलर!"

"अन् जायचाच थांबला, तर?"

"मावशी, जगाला कांदा लागतोच."

"लागतो की. पर आपलाच लागतो, आसं कुणी सांगितलं तुमाला?"

अडाणी शंका, म्हणून मी सोडून दिली.

* * *

निर्यातीच्या कांद्याची साइज ठरलेली. प्रत्येक बाईजवळ एक लोखंडी कडी. कडीतून खाली पडला तो बारका, म्हणजे गोल्टी. कडीत अडकला तो पहिला नंबर, तो चालला समुद्रापार. मावशीला कडी लागायचीच नाही. ती कांदा नुसता तळहातावर झेलायची आणि बरोब्बर ढिगात टाकायची. मी दोनदा मोजून बघितलं. तिसऱ्यांदा ती म्हणाली, "मोजा मोजा. कडीलाबी तेवढाच विश्वास वाटंल."

तर एकदा आखातातला खरेदीदार माल बघायला आला. आमचे चेअरमन आबा, मोठे बागायतदार, पाहुणचारात कसर ठेवायचे नाहीत. घरी पंगत मांडली. भाकरी, पिठलं, ठेचा आणि बुक्कीनं फोडलेला कांदा. खरेदीदारानं तो बारका कांदा उचलून नीट निरखला आणि मला इंग्रजीत विचारलं, ही काही वेगळी जात आहे का?

मी आबांना मराठीत सांगितलं. आबा अगदी अभिमानानं म्हणाले, "न्हाई म्हणावं साहेबाला. हा घरचा हाय. चांगला तुमच्याकडंच येतो!"

सगळे हसले. कुणीच पहिल्या नंबरचा कांदा घरी खाल्लेला नव्हता, आबांनीसुद्धा.

* * *

मुश्ताकभाई आमच्या मशिनी बघायचे. मूळचे बीडचे, जळालेली मोटार बांधण्यात त्यांचा हात धरणारा कुणी नाही. उरलेली गोल्टी मातीमोल जाते हे त्यांना बघवायचं नाही. जुन्या कूलरचा पंखा, गव्हाच्या कोठीचा पत्रा, हीटरच्या कॉइल आणि बारा जाळीचे ट्रे एवढ्यात त्यांनी कांदा वाळवायचं कपाट तयार केलं. आम्ही त्याला ड्रायर म्हणायचो. बघायला सगळे संचालक जमले.

बंद शेडमध्ये दोन पोती गोल्टी चिरलेली. पंखा सुरू झाला आणि पाच मिनिटांत सगळे संचालक ढसाढसा रडायला लागले! आबा उपरण्यानं डोळे पुसत म्हणाले, "कंपनी निघाल्यापासून पयल्यांदा सगळ्यांचं एकमत झालं बघा!"

संध्याकाळी ट्रे बाहेर काढले. कुरकुरीत, गुलाबी काप. मुश्ताकभाईंनी मूठभर माझ्या हातावर ठेवले.

"ताई, कच्चा कांदा बंदरावर जाऊन दुसऱ्याच्या मर्जीची वाट बघतो. वाळलेला कांदा घरात बसून भाव विचारतो."

मी ते वाक्य वहीत लिहून घेतलं. लिहून घेण्यात मी पहिल्यापासून हुशार.

* * *

आता ओला कांदा.

त्या साली तेजी होती. कंपनीच्या हातात पैसा आला आणि आबांनी बैठक बोलावली. मुश्ताकभाईंचं म्हणणं, असे दहा मोठे ड्रायर बसवू. गोल्टी तर खपेलच, वेळ आली तर पहिला नंबरही वाळवू. दुसरा पर्याय होता मोठी ग्रेडिंग लाइन, साइजप्रमाणे कांदा निवडणारं यंत्र, म्हणजे दुप्पट कंटेनर.

आबा म्हणाले, "ताई शिकलेली हाय. ती म्हणंल तसं."

एम.ए.च्या पेपरात मला याच विषयावर प्रश्न आला होता. नुसता कच्चा माल विकणारे देश तेजीत फुगतात आणि मंदीत का बसतात? मी सहा पानं लिहिली होती. माल घरी पक्का करा, एकाच गिऱ्हाइकावर राहू नका, चार पैसे आलेत तेव्हाच कारखाना उभा करा, कारण नंतर ते जमत नाही. सरांनी ते उत्तर वर्गात वाचून दाखवलं होतं!

आणि कड्याच्या त्या बैठकीत मी उभी राहून म्हणाले, "ग्रेडिंग लाइन घेऊ. ऑर्डर हातात आहे. तेजीत इकडंतिकडं बघायचं नसतं."

हात वर झाले. मुश्ताकभाईंनी पाना खिशात घातला.

"मग ड्रायर, ताई?"

"पुढच्या साली, भाई. पुढच्या साली नक्की."

* * *

नवी लाइन सुरू झाली आणि तिसऱ्या महिन्यात वरून आदेश आला. शहरात कांदा महागला होता, म्हणून निर्यात बंद! आमचे कंटेनर भरून बंदराच्या वाटेवर होते.

मी शेडमध्ये जाऊन सांगितलं. वीस बायकांचे हात पहिल्यांदाच थांबलेले बघितले. आबांनी विचारलं, "किती दिवस?"

"पुढील आदेशापर्यंत."

मावशीनं हातातली कडी माझ्यापुढं धरली. "ह्यो आदेश कोणत्या साइजचा हाय, ताई? ह्या कडीतून जाईल का?"

कुणी हसलं नाही. तो पहिल्या नंबरचा कांदा वाटेतूनच परत आला. चाळीत ठेवायला जागा नव्हती. चार दिवस आबांनी स्वतः गावात घरोघर पाट्या वाटल्या. "खा," म्हणायचे. "आता घरचाच हाय!"

उरलेला कुजला. वाळवायला आमच्याकडं बारा ट्रे होते.

* * *

बंदी उठली तोवर खरेदीदार दुसऱ्या देशाकडं वळला होता. फोनवर अगदी गोड बोलायचा. लाइन कामाविना उभीच राहिली. बायका कमी केल्या. मुश्ताकभाई आखातात गेले, कांदा वाळवून पुड्या भरायच्या कारखान्यात. मशिनी बघायलाच!

रजेवर आले तेव्हा सगळ्यांसाठी खजूर आणला आणि आबांसाठी तळलेल्या कांद्याचं एक पाकीट. आबांनी चष्मा लावून ते उलटसुलट बघितलं.

"भाई, ह्यात कांदा कुठला असतो?"

"ज्याचं बंदर त्या दिवशी उघडं, त्याचा."

आबांनी पाकीट खाली ठेवलं. मग म्हणाले, "तुमी परत या की."

"आबा, आता मीच निर्यातीचा माल झालोय. पहिला नंबर!" भाई हसले. आबा हसले नाहीत.

* * *

गेल्या महिन्याची गोष्ट. शेड गोडाऊन म्हणून भाड्यानं द्यायचं ठरलं. भाईंची ती रजा संपायला चार दिवस होते. मी म्हटलं, तुमचा ड्रायर भंगारात जाण्याआधी एकदा बघून घ्या. दुपारी दोघं गेलो. मागचं दार नुसतं लोटलेलं होतं. आत पंखा चालू!

ड्रायरसमोर सुशीलामावशी आणि कामावरून कमी केलेल्या पाच बायका बसल्या होत्या. बाराही ट्रे भरलेले. बाजूला कांद्याच्या कापांच्या पिशव्या, तोंडं मेणबत्तीनं चिकटवलेली. दीड वर्षापासून नगर रोडवरच्या ढाब्यांना त्या हाच माल देत होत्या. विजेच्या बिलाचे पैसे दर महिन्याला मावशी आबांच्या घरी नेऊन द्यायची.

"मावशी, मला का नाही सांगितलं?"

"कावून सांगायचं? तुमी सारख्या दुबईच्या फोनवर व्हता."

भाई खाली वाकले. पंख्याची बेअरिंग आवाज करत होती. त्यांनी झाकण खोललं, तेल घातलं, हातानं फिरवून बघितलं. मावशी त्यांच्याजवळ उकिडवी बसली.

"भाई, ढाबेवाले लई मागतेत. बारा ट्रे पुरत न्हाईत. आजून एक आसंच बनवून देता का?"

भाईंनी स्क्रू आवळला. हात पुसले.

"पुढच्या साली, मावशी," ते म्हणाले. "पुढच्या साली नक्की."

बोलताना ते माझ्याकडं बघत नव्हते.