तिरडीवरची धवलारीण

दापोड्याकडच्या बायका एकमेकींच्या कानाला लागून सांगायच्या, की राहीबाई पिक्चरच्या शूटिंगमध्ये पाव तास खरोखरची मेली होती. श्वास थांबला, हातपाय गार पडले, आणि मग तिच्या देहात दुसरंच कुणीतरी शिरून उठून बसलं. पुरावा मागाल तर तो सीडीवर होता. निजामपुऱ्यातल्या दुकानांत ती सीडी दोरीला टांगलेली असायची. लोक ती घरी नेऊन, पोरांना बाहेर हाकलून, दार लावून बघायचे. आणि पोरं खिडकीतून बघायची.

आता राहीबाई म्हणजे काही ऐरीगैरी बाई नव्हे. ती धवलारीण. आगऱ्यांच्या लग्नात भटजी चुकला तर चालतं, धवलारीण चुकलेली चालत नाही. हळदीपासून नवरी सासरी जाईपर्यंत प्रत्येक विधीचं गाणं तिच्या तोंडी. देवांना आवतण तिनं द्यायचं, पितरांना हाक तिनं मारायची. पंचक्रोशीतल्या निम्म्या जोडप्यांचे संसार तिच्या गळ्यातून निघाले होते, आणि त्यातल्या भांडकुदळ जोडप्यांनी तिलाच बोल लावायचा, ही रीतच होती.

सिनेमात तिला आणलं अय्यूबनं. हा निजामपुऱ्यातला कोकणी मुसलमान, लग्नांच्या व्हिडिओ शूटिंगवाला. शंभरेक हळदींत त्यानं पाहिलं, की कॅमेरा नवरीवर धरला तरी आपोआप राहीबाईकडे वळतो. दोन हजार तीन-चारच्या सुमाराला त्यानं आगरी बोलीतली पिक्चरं काढायचा घाट घातला, तेव्हा पडद्यावर यायला एक बाई तयार होईना. कुणाचा नवरा आडवा, कुणाची सासू. राहीबाईला दोन्ही नव्हते. पहिल्या पिक्चरमध्ये ती खाष्ट सासू झाली आणि इतकी खाष्ट झाली, की बाजारात एका म्हातारीनं तिला खरोखर झोडपलं. दुसऱ्यात ती कोळीण झाली. बाई खूश होती. तिच्या आधी त्या बोलीत पडद्यावर कुणी बाई बोललीच नव्हती, हे तिला ठाऊक होतं आणि न विचारता ती सांगायचीही.

तिसऱ्या पिक्चरमध्ये तिला मरायचं होतं.

चूक झाली ती इथं. अय्यूबला आपली तिरडी कशी असते ते कुठून माहीत असणार? त्यानं गावात खऱ्या तिरड्या बांधणाऱ्या पंढरीला बोलावलं. पंढरी कामाला चोख. त्याला खोटी तिरडी बांधता येईना. त्यानं नेहमीचे बांबू आणले, नेहमीच्या गाठी मारल्या, राहीबाईच्या नाकात कापूस घातला, वर शाल, शालीवर फुलांचा ढीग. सगळं झाल्यावर म्हणाला, "एकदा बांधली का ती रिकामी जात न्हाय." आणि बिडी पेटवायला गेला.

रडायला गावातल्याच बाया उभ्या केल्या होत्या. सुरुवातीला त्या एकमेकींना कोपर मारून हसत होत्या. मग एकीला आपली आई आठवली, दुसरीला नवरा. रडं असं पेटलं की अय्यूब 'कट, कट' ओरडतोय आणि कुणी ऐकेना. तेवढ्यात रस्त्यावरून वज्रेश्वरीची एसटी गेली. खिडकीतल्या ओळखीच्या माणसांनी राहीबाईचा चेहरा पाहिला, हात जोडले आणि तिच्या मरणाचा निरोप वज्रेश्वरीला पोचवला. पाव तासानं राहीबाई ताडकन उठून बसली आणि घोगऱ्या आवाजात देवाचं आवतण गाऊ लागली. बाया शेताच्या बांधावरून पळाल्या. सगळ्यांत पुढे पंढरी.

दुपारी तिची लेक पार्वती वज्रेश्वरीकडून ऊर बडवत आली, तर आई ओट्यावर चहा पीत बसलेली. नाकातला एक बोळा काढायचा राहून गेला होता. पार्वती उंबऱ्यातच कोसळली.

पुढं लोक हसतील असं राहीबाईला वाटलं होतं. कुणी हसलं नाही. त्या मोसमात तिला एकाही हळदीचं बोलावणं आलं नाही. आणि खरी गोम अशी, की तिला स्वतःलाच तो पाव तास आठवत नव्हता. तिनं सीडी आणून बघितली. पडद्यावर ती पडलेली, फुलांच्या ढिगात श्वास दिसत नव्हता, मूळ आवाजावर कुणाचं तरी करुण गाणं चढवलेलं. तिनं ते चार वेळा पाहिलं. तेव्हापासून बोलता बोलता ती स्वतःच्या मनगटावर बोटं ठेवायची. आरशावर फुंकर मारून वाफ धरते का बघायची. मांजर जवळून उठून गेलं तरी ती पुन्हा मनगट चाचपायची.

अशात पार्वतीच्या करिष्माचं लग्न ठरलं. सख्खी नात. नवऱ्यामुलाची आजी जानकीबाई बोलणीला आली आणि पानाला चुना लावता लावता म्हणाली, "मेल्ली बाय आमच्या सुनेच्या हलदीला गानार न्हाय."

करिष्मा अडून बसली, आजी गाणार नसेल तर हळदच नको. पार्वती दोघींच्या मध्ये रडत. राहीबाईनंच नातीला गप्प केलं. नको गं बाय, तिनं समजावलं, त्या बरोबर बोलतात. माझ्या तोंडून पितर तुझ्यावर चालून आले तर?

लग्नाचं शूटिंग अर्थातच अय्यूबकडे. तो वेळ ठरवायला आला, तेव्हा राहीबाईनं त्याला पडवीत बसवलं आणि हळूच विचारलं.

"अय्यूब, मना खरा सांग. मी मेलती का रे?"

अय्यूबचा चेहरा पडला. अफवेनं सीडी खपत होती, म्हणून तो वर्षभर मूग गिळून बसला होता. बाई स्वतःच ती खरी मानून बसली असेल, हे त्याच्या डोक्यातही आलं नव्हतं.

"तौबा, मावशी. उद्या जानकीबाईंना बोलव. मी मूळ कॅसेट आणतो. गाणं चढवायच्या आधीची."

दुसऱ्या दिवशी कॅमेरा टीव्हीला जोडला. जानकीबाई दाराजवळ, पळता येईल अशी बसली. राहीबाईनं डोळे मिटून करिष्माचा हात धरला होता. पडद्यावर तिरडी दिसली. बायांचं रडं आलं. त्या रड्याच्या खालून, कॅमेऱ्याच्या अगदी जवळून, दुसरा एक आवाज येत होता. लांब, खर्जातला, मध्ये शिट्टी असलेला.

जानकीबाई बराच वेळ ऐकत राहिली. मग तिनं पदर सावरला.

"मेल्ला मानुस घोरत न्हाय," ती म्हणाली. "हलदीला टायमावर ये."

राहीबाई त्या हळदीला गायली. बाकीच्या गावांतून बोलावणी मात्र फारशी आली नाहीत, आणि तिरडीचं नाव काढलं की ती शेवटपर्यंत मनगट चाचपायची. पिक्चरमध्ये तिनं पुन्हा पाय ठेवला नाही.

त्या तिरडीच्या शूटिंगच्या आधी ती सलग दोन रात्री दोन हळदींत गायली होती. तिरडीवर आडवी झाल्यावर तिला झोप लागली.