बोटवाल्या मावशीच्या तोंडी घातलेलं वाक्य

बारामतीच्या बाजारात स्वतःच्याच मालाला नावं ठेवणारी एकच भाजीवाली होती. "ही वांगी कालची हायत, मास्तर. घेऊ नगा," म्हणून ती मला परत पाठवायची. तिला सगळे बोटवाली मावशी म्हणत.

तरुणपणी ती कालव्यावरच्या एका गोऱ्या इंजिनिअरकडे आया होती. पहिल्या महायुद्धात त्या कुटुंबाबरोबर विलायतेहून परतताना जर्मन पाणबुडीनं त्यांची बोट बुडवली. मावशी वाचली, साहेबाची तीन वर्षांची बेबी तिच्या हातून सुटली. कुणी खोदून विचारलं, की ती तराजू आपटायची. "भाजी घ्या नि वाटंला लागा!"

एकोणचाळीस साली पुन्हा लढाई पेटली. "गोऱ्यांची भांडणं, आपल्याला काय?" असं लोक म्हणायचे. पण बायकापोरांची एक बोट बुडाल्याची बातमी आली आणि बाजाराचा सूरच बदलला. इंदापूरच्या एका अंमलदारानं तो बरोबर हेरला. लष्करभरतीच्या सभेत मावशीला उभं करायचं ठरलं. त्या बातमीनं हललेली मावशीही या वेळी बोलायला तयार झाली. तिच्या नावचं निवेदन लिहायचं काम माझ्याकडे आलं. अंमलदारसाहेबानं खुर्ची दिली, यातच मी फुगलो होतो.

सभेत मावशी आधी स्वतः बोलली. "लाट आली, हात सुटला." बायका रडू लागल्या. ती पुढं म्हणाली, "पाण्यातले काळे खलाशी आमच्या होडीला धराय आले, तर आतल्या गोऱ्यांनी वल्ह्यानं त्यांची बोटं..."

"बास, मावशी," अंमलदारानं तिला खाली बसवलं आणि मला खूण केली.

मी वाचलं, 'लेकरं बुडत होती आणि पाणबुडीवरचे जर्मन हसत होते.' हे वाक्य माझं होतं. मैदान पेटलं. टाळ्या, शिव्या, आणि तिथल्या तिथं सहा जणांनी नावं दिली.

मावशी माझ्यासमोर येऊन उभी राहिली. "कोण हसत हुतं, मास्तर? इतकं धुकं हुतं, मला पाणबुडी दिसलीबी न्हाय. लेकराच्या मरणावर टाळ्या घेतल्या तुमी. थू!" ती खरोखरच माझ्या पायाशी थुंकली.

दुसऱ्या दिवशी ती लासुर्ण्याला चालत गेली. तिथल्या एका पोरानं नाव दिलं होतं. त्याला तिनं खरं काय ते सांगितलं. तो म्हणाला, "आता नाव दिलंय, मावशे." तो परत आला नाही. मावशीनं पुढं मला कधी भाजी दिली नाही; माझ्याकडं बघणंही सोडलं.

ती गेल्यावर काही वर्षांनी कळंबला एक म्हातारा भेटला. लेकरं बुडताना जर्मन कसे खदाखदा हसले, ते त्यानं मला रंगवून सांगितलं. "खुद्द मावशीच्या तोंडून ऐकलंय मी," तो म्हणाला. स्वतःची इतकी किळस मला कधी आली नव्हती. तरी मी मान डोलावली आणि एस.टी.त चढलो.