चौथ्या प्रकरणातली पेन्सिल

पीएचडीला लागलं की पहिल्या वर्षी पुस्तकं साठतात, दुसऱ्या वर्षी झेरॉक्स, आणि तिसऱ्या वर्षापासून फक्त किस्से. माझं हे पाचवं वर्ष. प्रबंध दोनशे चाळीस पानांचा झालाय. किस्से लिहायला बसले तर बाड त्याहून जाड होईल, आणि वाचणारेही जास्त मिळतील!

पहिला किस्सा खरं तर किस्सा नव्हताच. नुसतं काहीतरी खटकलं होतं. आमच्या कॉलेजच्या लायब्ररीतून मी एक जुनी अमेरिकन कादंबरी काढली होती. किनाऱ्यावरच्या गावात एक विधवा टोप्या शिवायचं दुकान चालवते. एक खलाशी 'परत येईन' म्हणून गेलेला असतो, आणि ही वाट बघते. तिसऱ्या प्रकरणात एक वाक्य आवडलं म्हणून मी पेन्सिल टेकवली, तर त्याच्याखाली आधीच रेघ होती. पुढच्या पानावर आवडलेल्या वाक्याखालीही होती. तिसऱ्यांदा तेच झालं तेव्हा मी खुर्ची मागं ढकलून उभीच राहिले.

मुल्लाकाका काउंटरवरून बघत होते. लायब्ररीतली सगळ्यात जुनी वस्तू ते स्वतःच आहेत, असं ते सांगतात. म्हणाले, "क्या हुआ गे बेटा? भूत देखी क्या?"

"नाही काका. रेघ."

"रेघ कू डरती? फिर पीएचडी कैसी करती?"

* * *

आम्ही तिघं शेटे मॅडमचे विद्यार्थी. शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वीच्या अमेरिकन कादंबऱ्यांमधलं सुख, इच्छा आणि कल्पनाशक्ती हे मॅडमचं क्षेत्र. त्यावर जगभरात कोण काय लिहून गेलंय ते वाचायचं आणि राहिलेल्या फटीत आपली काडी घुसवायची, याला संशोधन म्हणतात. पहिल्याच मीटिंगला मॅडमनी वाटप करून टाकलं.

"गवळी, तुम्ही सीनियर. तुम्ही सुख घ्या. लावण्या, तुला कल्पना. अश्विनी, तू इच्छा."

मी घाबरत म्हटलं, "मॅडम, मला कल्पना मिळाली तर..."

"इच्छाच घे. तुला काय हवंय ते पाच वर्षांत तरी कळेल!"

* * *

घरी विषय सांगायची पंचाईत होती. पाहुणे बघायला आले. मुलगा कर्नाटकातल्या कुठल्याशा साखर कारखान्यात केमिस्ट. पोहे झाले, चहा झाला, आणि मुलाच्या मामांनी विचारलं, "मुलीचं पीएचडी कशावर हाय म्हणायचं?"

मी तोंड उघडणार इतक्यात पप्पा म्हणाले, "अमेरिका."

"अमेरिका म्हणजे?"

"संपूर्ण."

पुढं कुणी विचारलं नाही. पण दोन दिवसांनी नकार आला: मुलगी परदेशात जाणार असेल तर आम्हाला जमणार नाही. आई आठवडाभर पप्पांशी बोलली नाही. मला बरं वाटलं, आणि बरं वाटलं म्हणून भीतीही वाटली.

* * *

गवळी सर करकंबला ज्युनिअर कॉलेजात शिकवतात. दर शनिवारी मोटारसायकलवर सोलापूरला येतात. डिक्कीत हेल्मेट मावत नाही, कारण तिथं पुस्तकं असतात. म्हणून हेल्मेट घालतात, असं त्यांचंच म्हणणं. त्यांची वाचायची एक पद्धत आहे. पुस्तक मागून उघडायचं, सूचीत 'सुख' शोधायचं, समोरच्या आकड्यांची पानं तेवढी वाचायची, पुस्तक मिटायचं.

सहामाही प्रेझेंटेशनला बाहेरचे एक वयस्क प्राध्यापक होते. सरांच्या सत्तावीस स्लाइड्स त्यांनी शांतपणे पाहिल्या. मग चष्मा काढून आपुलकीनं म्हणाले, "गवळी, ते सगळं राहू द्या. यातली कुठली कादंबरी वाचताना तुम्हाला मजा आली?"

गवळी सर प्रामाणिक माणूस. म्हणाले, "मजेला वेळच न्हाय मिळाला सर. मी सुखावर काम करतोय की!"

* * *

लावण्या गड्डमच्या घरी टॉवेलचे माग आहेत. त्या खडखडाटात ती कल्पनाशक्तीवर लिहिते. मी एकदाच तिच्या घरी गेले, आणि माग सुरू झाल्यावर हातातला चहा अंगावर सांडून घेतला. लावण्या म्हणाली, "आम्हाला माग बंद झाल्यावर दचकायला होतं."

तिची आई तेलुगूत काहीतरी विचारत होती. लावण्या उत्तर देत होती, आई परत विचारत होती. शेवटी आई हात झटकून मागाकडं निघून गेली.

"काय म्हणत होत्या गं?"

"पुस्तकातली ही माणसं कोण, विचारत होती. म्हटलं, खरी नाहीत. म्हणाली, म्हणजे मेली का? म्हटलं, नाही गं, नव्हतीच कधी. तर म्हणाली, जी नव्हतीच त्यांना काय वाटत होतं ते तुला कसं कळणार, आणि कळलं तरी आता काय उपयोग!"

लावण्यानं ते तसंच्या तसं वहीत उतरवून घेतलं. तिच्या दुसऱ्या प्रकरणाची सुरुवात आता त्यानंच होते.

* * *

पेन्सिल मात्र माझा पिच्छा सोडत नव्हती. लायब्ररीतल्या सहा कादंबऱ्यांत तोच हात. आधी नुसत्या रेघा, मग समासात बारीक मराठी अक्षरं. एका ठिकाणी लिहिलं होतं, 'खोटं बोलतीय.' मी मागची दोन पानं पुन्हा वाचली. खरंच खोटं बोलत होती ती! जगातल्या अकरा समीक्षकांना ते दिसलं नव्हतं.

आणि टोपीवाल्या विधवेच्या पुस्तकात, तिला खलाशाचं पत्र येतं आणि ती ते दिवसभर फोडतच नाही, त्या पानावर हे होतं: 'हिला तो नकोय. हिला वाट बघायला आवडतंय.'

मी ते वाचलं आणि पुस्तक मिटून बसले. मग वही काढली. त्या दोन वाक्यांचं माझं चौथं प्रकरण झालं. सेहेचाळीस पानं, त्र्याहत्तर तळटीपा. फ्रेंच विचारवंत आणले, मानसशास्त्र आणलं. सगळ्यांना तळटीप मिळाली, पेन्सिलीला सोडून. मी मनाशी म्हणत होते, हे मलाही सुचलंच असतं. रेघ तर मी तिथंच मारणार होते ना?

प्री-सबमिशनला कमिटीनं बाकीची प्रकरणं भराभर उलटली आणि चौथ्यावर थांबली. अध्यक्ष म्हणाले, "हा विचार तुमचा स्वतःचा?" मी "हो" म्हटलं. ते म्हणाले, "ओरिजिनल! पुढची दोन प्रकरणं यावरच उभी आहेत." टाळ्या वाजल्या. टाळ्यांना मी दचकले, ते सगळ्यांना विनय वाटला.

* * *

सॉफ्टवेअरनं रिपोर्ट दिला: चार टक्के साम्य. तेही ग्रंथसूचीतलं. आता फक्त हमीपत्रावर सही राहिली होती: यातले विचार माझे स्वतःचे असून इतरांच्या विचारांचा उल्लेख यथास्थित केला आहे. शुक्रवारपर्यंत द्यायचं होतं. सोमवारी मी चार वेळा पेनाचं टोपण काढलं आणि चार वेळा लावलं.

गवळी सरांना फोनवर सांगितलं. ते हसायलाच लागले. "अवो बाई, कॉम्प्युटरला पेन्सिल दिसत न्हाय. करा सही!"

लावण्या म्हणाली, "बाईच असणार ती. पुरुष समासात 'महत्त्वाचे' असं लिहितात." हे खरं आहे. गवळी सरांची पुस्तकं आम्ही पाहिलीत.

बुधवारी मी मॅडमकडं गेले आणि एका दमात सगळं बोलून टाकलं. मॅडमनी पुस्तक हातात घेतलं, ते पान बराच वेळ बघितलं. वाटलं, आता ओरडणार. त्या म्हणाल्या, "अक्षर चांगलंय."

"मॅडम, तळटीपेत 'अज्ञात वाचक' असं लिहू का?"

"शोधलंस का तिला?"

"नाही."

"मग अज्ञात कशी? शोधून सापडली नाही तर अज्ञात. आणि सापडली, जिवंत असली, तर तिला विचारायचं. ती नको म्हणाली तर चौथं प्रकरण काढायचं."

"मग पाचवं आणि सहावं..."

"तीही पडतील," मॅडम म्हणाल्या. "चहा घेणार?"

* * *

मुल्लाकाका म्हणाले, "पेन्सिल किसकी, मेरे कू क्या मालूम?" पण मग स्वतःच सहाही पुस्तकं मागून उघडली. प्रत्येकात कागदी खिसा, खिशात जुनं कार्ड, कार्डावर सभासद क्रमांक. एक क्रमांक सहाही कार्डांवर होता. टोपीवाल्या पुस्तकाच्या कार्डावर तर आधी ती, आणि त्यानंतर थेट मी. मधल्या वीसेक वर्षांत त्या विधवेला कुणी हातही लावला नव्हता.

"पुराने रजिस्टर फेकने कू बोले थे," काका म्हणाले. "मैं फेक्याइच नै." ते आत गेले आणि धुळीसकट रजिस्टर घेऊन आले. क्रमांकासमोर निळ्या शाईत लिहिलं होतं: महानंदा हत्तुरे, एम.ए. भाग एक, मु. पो. मैंदर्गी. भाग दोनच्या यादीत हे नावच नव्हतं.

"आठवते का काका तुम्हाला?"

"नै बेटा. चुपचाप पढनेवाले याद नै रहते. चिल्लानेवाले रहते."

* * *

गवळी सरांचे माजी विद्यार्थी नाहीत असं गाव जिल्ह्यात नाही. शनिवार नसूनही ते रजा टाकून आले आणि पाच फोन केले. मधे एकाच्या ऊसतोडीची चौकशी केली, दुसऱ्याला बीएड कर म्हणून झापलं, आणि अर्ध्या तासात चिठ्ठी माझ्या हातात ठेवली. बाई लग्न होऊन मैंदर्गीतच राहिल्या. आता पिठाची गिरणी चालवतात.

"घ्या. करा फोन. चावत न्हाय त्या."

"सर, तुम्हीच विचारता का?"

"मी काय विचारू? इच्छा तुमच्याकडं हाय, माझ्याकडं सुख!"

गुरुवारी सकाळी दहाला पहिला फोन केला. रिंग पूर्ण वाजली. काय बोलायचं ते मी कागदावर लिहून ठेवलं होतं: नमस्कार, मी सोलापूरहून बोलतेय, घाबरू नका. लावण्या म्हणाली, "'घाबरू नका' काढ. तू सोडून कुणी घाबरलेलं नाही."

अकराला केला, साडेअकराला केला. बाराला एका पुरुषानं उचलला, कन्नडमध्ये काहीतरी म्हणाला आणि ठेवला. त्यानंतर सलग सहा वेळा नुसती रिंग. प्रत्येक वेळी पाचव्या रिंगला मला वाटायचं, नको उचलू दे. उचललाच नाही तर 'शोधूनही संपर्क झाला नाही' असं लिहिता येईल. अज्ञात! मॅडमसुद्धा काही म्हणू शकणार नाहीत. मग सातव्या रिंगला वाटायचं, उचल ना गं बाई.

चार वाजता गवळी सर करकंबला निघाले. हेल्मेट घालून दारात उभे राहिले. "बाई, शेवटचा करा. न्हाय लागला तर सही करून मोकळ्या व्हा. लई झालं."

मी केला. लावण्यानं स्पीकर लावला. दोन, तीन, चार रिंग. मी कट करायला बोट पुढं केलं आणि फोन उचलला गेला. मागं गिरणीचा मोठा आवाज.

"यारु? कोण बोलतंय?"

कागद माझ्या हातात होता. मी त्यातलं काहीच वाचलं नाही. "महानंदाताई, तुम्ही एम.ए.ला असताना लायब्ररीच्या पुस्तकात पेन्सिलनं लिहिलं होतं. ते... मी घेतलंय. माझ्या प्रबंधात. तुमचं नाव घालू का? म्हणजे विचारायला हवं होतं आधी, पण..."

"थांबा ओ, आयकू येईना."

कुणाला तरी कन्नडमध्ये हाक मारली. गिरणी बंद झाली. एकदम इतकं शांत झालं की मी दचकले.

"कुठलं पुस्तक?"

"ती टोप्या शिवणारी विधवा. तुम्ही लिहिलं होतं, तिला वाट बघायला आवडतंय."

लावण्यानं माझा हात धरला. गवळी सरांनी हेल्मेट काढलं.

"असं ल्हिलं होतं व्हय मी?" आवाज हसल्यासारखा वाटला. "घाला की नाव. माझं काय जातंय." मग म्हणाल्या, "ती दुकानाला कुलूप लावती आणि गाडीत बसती, तितंवर झालं होतं माझं. तवर हिकडं साखरपुडा ठरला. पुस्तक भावानं परत केलं. पुढं काय हुतं ओ? परत येती का ती?"

मला उत्तर माहीत होतं. दोनशे चाळीस पानांतली निदान तीस त्यावरच आहेत. मी श्वास घेतला आणि सांगायला सुरुवात केली, "ताई, शेवटी ती..."

"आँ, सांगू नका! सांगू नका!" बाई ओरडल्याच. "पुस्तक हाय का अजून तितं?"