चालू राहू दे

आमच्या इमारतीच्या जिन्यातला दिवा बटण दाबल्यावर लागतो आणि थोड्या वेळाने आपोआप विझतो. जर्मनीत बहुतेक ठिकाणी असंच असतं. खालच्या मजल्यावरचे काका मात्र तो विझायच्या आत पुन्हा बटण दाबत उभे असायचे, आणि कामावरून दमून आलेल्या मला सांगायचे, "चालू आहे ना, मग चालू राहू दे." मला वाटलं, म्हातारा चक्रम आहे. अशी माणसं तुम्हीही पाहिली असतील. आपण हसतो आणि वर निघून जातो.

काका साठच्या दशकात पुण्याहून इथल्या विद्यापीठात शिकायला आले आणि इथलेच झाले. विद्यापीठाने तेव्हा स्वतःचा कॉम्प्युटर बांधला होता. खोलीभर लोखंडी कपाटं आणि त्यांत ओळीने काचेचे व्हॉल्व्ह, जुन्या रेडिओत असायचे तसे. काका त्याच्या देखभालीला होते. "बल्ब कधी जातो?" ते विचारायचे आणि उत्तराची वाट न बघता सांगायचे, "जळत असताना नाही जात. बटण दाबल्यावर जातो." थंड झालेले व्हॉल्व्ह पुन्हा तापताना दगा देत, म्हणून ते यंत्र रात्रंदिवस चालूच ठेवत. मी जवळच्या र्युसेल्सहाइम गावात गाड्यांचं सॉफ्टवेअर लिहिते. आमच्याकडे काही अडलं की पहिला उपाय म्हणजे बंद करून पुन्हा चालू करणं. हे मी काकांना सांगितलं, तर आठवडाभर ते माझ्याशी बोलले नाहीत.

त्यांची बायको जर्मन. मी त्यांना काकूच म्हणते. युद्धानंतरच्या टंचाईत वाढलेल्या. रिकाम्या खोलीत दिवा जळताना दिसला की त्यांचा जीव वरखाली व्हायचा. काका पुढे दिवे लावत जायचे, काकू मागून मालवत यायच्या. मूलबाळ नाही, त्यामुळे घरभर एकमेकांच्या मागे असं फिरायला दोघांना मोकळीक होती. बोलणं सगळं जर्मनमध्ये. मराठीची काकूंना कधी गरजच पडली नाही.

मग काका विसरायला लागले. आधी माणसांची नावं, नंतर रस्ते, आणि मग जर्मन. एका सकाळी काकू माझ्या दारात येऊन उभ्या राहिल्या. म्हणाल्या, कालपासून तो माझ्याशी बोलतोय आणि मला एक अक्षर कळत नाही. डॉक्टरांचं म्हणणं, असं होतं कधी कधी, मागून शिकलेली भाषा आधी जाते. जन्मभराच्या बायकोशी बोलायला त्यांना दुभाषी लागली, आणि ती मी झाले. टॉवेल कुठे ठेवला, सूपमध्ये मीठ नाही, खिडकी लाव. मला चीडही यायची. नवराबायकोच्या मधे असं उभं राहणं बरं वाटत नाही. आणि काका काही बोलले की काकू आधी त्यांच्याकडे नाही, माझ्याकडे बघायच्या, ते तर मला बघवत नसे.

दिव्यांचं एक वेळ चाललं असतं, पण काका शेगड्याही चालू ठेवायला लागले. एकदा ओट्यावरचं फडकं पेटलं आणि विझवताना काकूंचा हात भाजला. शेवटी फ्लेगेहाइममध्ये खोली मिळाली. अशा म्हाताऱ्या माणसांची देखभाल करणारी ती संस्था. पण काका ऐकेनात. दाराची चौकट घट्ट धरून मला म्हणाले, "मी गेलो की ही सगळं बंद करेल." आता धरून, ओढून न्यावं लागणार, या विचाराने काकू झुरत होत्या. मग त्याच म्हणाल्या, एकदा त्याला त्याचं ते जुनं यंत्र दाखवून आणू, मग कदाचित ऐकेल.

मी गाडी काढली. वाटेत काकू हळू आवाजात सांगत होत्या. त्या यंत्राला आकडे भरवायला कागदी फितीवर भोकं पाडायचं काम त्या करायच्या, तिथेच दोघांची गाठ पडली. पुढे नवीन यंत्र आलं, तेव्हा जुनं बंद करायचं काम प्रोफेसरांनी काकांवर टाकलं. शेवटचं बटण त्यांनीच दाबलं. त्या दिवशी घरी येऊन ते अंगातला कोटही न काढता पलंगावर बसून राहिले होते.

यंत्राची काही कपाटं आता विद्यापीठाच्या कॉरिडॉरमध्ये काचेआड ठेवली आहेत. तिथल्या बाईंनी काच सरकवून दिली. पोराला ताप आहे का बघावं तसा काकांनी कपाटावर तळहात ठेवला. मग घाबरून माझ्याकडे वळले.

"थंड आहे. कोणी बंद केलं?"

काय म्हणतोय, काकूंनी विचारलं. मी सांगितलं. काकू पुढे होऊन त्यांच्याजवळ उभ्या राहिल्या.

"सांग त्याला, मी केलं."

मी सांगितलं. वाटलं, आता हे भडकणार. काका काकूंच्या तोंडाकडे बघत राहिले आणि मग त्यांनी विचारलं, "एकदम नाही ना केलं?" मी विचारून घेतलं. काकूंनी 'नाही' अशी मान हलवली आणि हाताने दाखवलं, आधी हे कपाट, मग ते, मग पलीकडचं. काकांचे खांदे सैल झाले. "हिनं केलं असेल तर ठीक आहे," म्हणाले, आणि काकूंचा हात धरून गाडीत येऊन बसले. त्याच आठवड्यात ते फ्लेगेहाइममध्ये राहायला गेले.

तिथे नर्सने दिवा मालवला की ते ओरडायचे. काकूंनी मालवलेला मात्र चालायचा. म्हणून काकू रोज संध्याकाळी बसने जायच्या, एक दिवा मालवायला. जन्मभर तेच केलं होतं, आता फक्त परवानगीने. त्यासाठी माझ्याकडून त्यांनी तेवढं मराठी शिकून घेतलं. बटणाशी उभ्या राहून म्हणायच्या, "बंद करते हं." काका उशीवरून म्हणायचे, "हं, कर." त्या दोन वाक्यांना माझी गरज नव्हती, आणि मला त्याचा फार आनंद व्हायचा.

गेल्या हिवाळ्यात एका संध्याकाळी, काकू पोचायच्या आधीच, काका झोपेतच गेले. खोली रिकामी करायला मी काकूंबरोबर गेले होते. भर दुपारी पलंगाजवळचा दिवा चालू होता. नर्स म्हणाली, आमच्यापैकी कुणी हात लावला नाही. काकूंनी स्वेटर घड्या करून पिशवीत भरले, चष्मा घेतला, आणि निघताना बटणाशी जाऊन उभ्या राहिल्या.

"बंद करते हं," त्या रिकाम्या पलंगाला म्हणाल्या.

आणि तशाच थांबून राहिल्या. मी पिशवी घेऊन दारात उभी. काकू वळून माझ्याकडे बघायला लागल्या, पूर्वी बघायच्या तशा.

"हं, कर," मी म्हणाले.

काकूंनी दिवा मालवला.