डावा हात

मी बॉक्सर आहे, हे मला दर वेळी सांगावं लागतं. माझ्या धाकट्या बहिणीला लागत नाही. ती चॅम्पियन आहे, टूथपेस्टच्या जाहिरातीत बसच्या मागे हसत असते. दात माझे पडले, जाहिरात तिला मिळाली.

घरात तिच्या चषकांसाठी काचेचं कपाट केलंय. माझंही एक कांस्यपदक आहे. त्या स्पर्धेत आम्ही चौघंच होतो, त्यामुळे पहिल्याच लढतीत हरून मी ते मिळवलं. स्वयंपाकघराची खिडकी वाऱ्याने आपटू नये म्हणून आई ते फटीत खोचते. "तिचे चषक नुसते पुसावे लागतात, तुझं पदक रोज उपयोगी पडतं," असं ती म्हणते, आणि तिला खरोखरच कौतुक असतं.

बहीण माझंच शेपूट बनून व्यायामशाळेत आली. तिचा पहिला ठोसा पाहून मास्तर मला म्हणाले, "तू जरा बाजूला हो बघू." बाजूला म्हणजे तिच्यासमोर. तिची पुढची लढत जिच्याशी असेल तिची नक्कल मी करायची. कुणी डावखुरी, कुणी वाकून घुसणारी, कुणी नुसतीच पळणारी. इतक्या बायका झालो की मी स्वतः कसा खेळतो तेच विसरलो. तिच्या हुकमी उजव्या ठोशासाठी मात्र एक सराव कायमचा होता. मी दोन जॅब, म्हणजे डाव्या हाताचे झटपट सरळ ठोसे, मारायचे आणि हनुवटीसमोरचा डावा हात खाली सोडायचा. लगेच तिचा उजवा येऊन धडकायचा. व्यायामशाळेत मला सगळे 'पोतं' म्हणतात, ते उगाच नाही.

गेल्या महिन्यात माझी शेवटची लढत होती. यापुढे माझ्या वयाच्या माणसाला रिंगणात घेत नाहीत. मला एकच हवं होतं: आयुष्यात एकदा तरी पंचांनी विजेता म्हणून माझा हात वर करावा.

"दादा, तुझ्या कोपऱ्यात पाणी-टॉवेल घेऊन मी बसणार," बहीण म्हणाली. ती येणार म्हटल्यावर हॉल खच्चून भरला. लढतीआधी माझा प्रतिस्पर्धी आमच्याकडे आला. मला वाटलं, माझ्याशी हात मिळवायला आलाय. त्याला तिच्याबरोबर फोटो हवा होता. तो मीच काढून दिला.

पहिली फेरी मी चक्क जिंकलो. दुसऱ्या फेरीत माझे दोन जॅब नेमके बसले, हॉल ओरडला, आणि माझा डावा हात आपसूक खाली गेला. इतकी वर्षं त्याला तेच तर शिकवलं होतं. समोरच्याला आयतीच हनुवटी मिळाली. पंच दहापर्यंत मोजत होते तेव्हा मी छताचे पंखे बघत पडलो होतो.

कपडे बदलायच्या खोलीत मी म्हणालो, "तुझ्या ठोशापुढे हा काहीच नाही गं." ती हसली नाही. माझ्या जबड्याला बर्फाची पिशवी लावत म्हणाली, "दादा, तो हात मी खाली आणला."

तोवर मला नुसतं वाईट वाटत होतं. ते ऐकलं आणि तिचा राग आला, आयुष्यात पहिल्यांदा. मी पिशवी हिसकावून घेतली आणि एकटाच घरी गेलो.

दुसऱ्या दिवशी सकाळी पुन्हा व्यायामशाळेतच गेलो. दुसरं जायचं कुठे? ती आधीच रिंगणात उभी होती.

"आज पोतं मी," ती म्हणाली.

तिने दोन जॅब मारले, माझ्याहून कितीतरी सुबक, आणि डावा हात खाली सोडला. चॅम्पियनची हनुवटी समोर उघडी, आणि मी आपला ढिम्म उभा.

"मार ना! एकदा तरी मार मला." तिने पुन्हा दोन जॅब मारले. पुन्हा हात खाली.

मग मात्र मी मारला. कालचा सगळा राग त्या ठोशात होता.

ती बसली, मग आडवीच झाली. आजवर तिला कुणी पाडलेलं नाही. मी घाबरून धावलो, तर एक डोळा उघडून म्हणाली, "जवळ येऊ नकोस. मोज."

मी मोजू लागलो. हे आकडे मी नेहमी खालून ऐकलेले. सातनंतर मला रडूच फुटलं. "आठ," तिनेच पडल्या पडल्या हळूच सांगितलं आणि वाट बघत राहिली. नऊ झाले, दहा झाले.

मग ती टुणकन उठली, माझं मनगट धरून डावा हात वर केला आणि म्हणाली, "खरंच लागलं रे."

खोटारडी. लहानपणापासून तशीच आहे. तिने मनगट सोडलं, तरी तो हात मी बराच वेळ खाली आणला नाही.