दाजींचे सोळाशे

दाजी गेल्याची बातमी साताऱ्याहून येणाऱ्या मोटारीच्या ड्रायव्हरने आणली. मी सांगलीच्या कचेरीसमोर माझ्या पाटावर बसून एका म्हातारीचं मृत्युपत्र लिहीत होतो. ड्रायव्हर अजून अंगावर धूळ घेऊन तसाच उभा राहिला आणि म्हणाला, तुमचे दाजी काल पहाटे लेकीच्या घरी वारले, पाटणहून पाव्हणे यायचे होते म्हणून मयत थांबवली, मग दुपारी उरकलं. मी मान हलवली. हातातली ओळ पुरी केली, म्हातारीचा अंगठा घेतला, आणि मगच उठलो. या गोष्टीला आता दीड महिना झाला. आमच्या साप्ताहिकाचे संपादक परवा म्हणाले, की मोटार स्टँडवरचे दाजी साऱ्या गावाला ठाऊक होते, तुम्ही तर त्यांचे मेहुणे, चार गोड ओळी लिहून द्या. गोड लिहिणारे पुष्कळ आहेत. मला जे ठाऊक आहे ते मी लिहितो, छापायचं की नाही ते त्यांनी ठरवावं.

दाजी म्हणजे माझ्या थोरल्या बहिणीचे, अक्काचे यजमान. मूळचे तासगावकडचे. सांगलीच्या स्टँडवर मोटार कंपनीच्या खिडकीत बसून तिकिटं फाडायची, पार्सलं तोलायची, हे त्यांचं काम. आवाज असा की नदीपलीकडच्या माणसाला कळावं कराडची गाडी लागली. बाळंतिणीला पुढची जागा, म्हाताऱ्याला खिडकी, आणि पैसे कमी पडले तर “पुढच्या खेपंला द्या की” हे ठरलेलं. लढाईत पेट्रोल मिळेनासं झालं तेव्हा गाड्यांच्या मागे कोळशाच्या भट्ट्या बसवल्या. त्या गाड्या कधी निघतील आणि कुठे बसतील याचा नेम नसे. शेवटची गाडी चुकलेली माणसं दाजी सरळ घरी घेऊन जात. अक्का भाकऱ्या थापता थापता कपाळाला हात लावायची. दाजींना मात्र पाव्हणा आला की आनंद, कारण पाव्हण्याला घर दाखवता यायचं.

ते घर. दोन खोल्या, पुढे पडवी, मागे न्हाणी, वर पत्रा. लढाई सुरू होण्याच्या आदल्या वर्षी दाजींनी ते विकत घेतलं. साठवलेलं होतं ते घातलं आणि कमी पडले ते आठशे रुपये पेठेतल्या एका हळदीच्या व्यापाऱ्याकडून घर गहाण ठेवून घेतले. व्याज दर महिन्याला शेकडा एक रुपया, मुदत तीन वर्षांची. त्या व्यापाऱ्याला सगळे आप्पा म्हणत. वाचकांनी आता कोणी खलपुरुष येणार म्हणून सरसावून बसू नये. आप्पा सज्जन माणूस होता. दिलेल्या प्रत्येक रुपयाची पावती द्यायचा, गेलं की चहा पाजायचा, आणि अकरा वर्षांत त्याने एक पैसासुद्धा खोटा लिहिला नाही. लिहायचं काम तसंही माझ्याकडे होतं. दस्तलेखनाचा परवाना माझा, अक्षर माझं.

पहिलं गहाणखत लिहिलं तो दिवस मला लख्ख आठवतो. रिवाज असा, की दस्त लिहिणाऱ्याने तो लिहून देणाराला मोठ्याने वाचून दाखवायचा, अडेल तिथे उलगडून सांगायचं, आणि मग सही घ्यायची. शेवटी ओळच असते, वाचून दाखविला, समजला, मान्य आहे. मी वाचायला तोंड उघडलं तर दाजींनी माझ्या हातातून कागद काढून घेतला. चार माणसं होती भोवती. “माझा सख्खा मेव्हणा लिवतोय, तवा वाचायचं काय त्यात?” असं म्हणून त्यांनी झोकात सही ठोकली. भोवतीची माणसं कौतुकाने हसली. मीही हसलो. शेवटची ओळ तशीच राहिली, आणि त्या ओळीखाली माझंही नाव आहे.

आता दाजींच्या डोक्यात काय बसलं होतं ते सांगतो, म्हणजे पुढचं सगळं कळेल. स्टँडवर एकदा गाडीची वाट बघत बसलेल्या कुणा वकिलाने त्यांना दामदुपटीचा कायदा सांगितला. म्हणजे हिंदूच्या कर्जावर एका वेळी मुदलापेक्षा जास्त व्याज मागता येत नाही, थकून थकून दुप्पट, त्यापुढे नाही. वकील बरोबर बोलला आणि गाडीत बसून निघून गेला. दाजींनी मात्र त्यातून आपला हिशेब काढला. आठशे घेतले, दुप्पट सोळाशे, म्हणजे कधी ना कधी सोळाशे रुपये भरले की घर मोकळं. आज भरले काय, वीस वर्षांनी भरले काय, सोळाशेच. मग घाई कशाला? व्याजच महिन्याला आठ रुपये होत होतं. दाजी पाच द्यायचे, पुढे सहा आणि शेवटी आठ. जास्त देता आले नसते असं नाही, पगार आणि पार्सलांची दस्तुरी मिळून बऱ्यापैकी हातात यायचं. पण उरलेल्यात घराला दर दिवाळीला चुना, पडवीला शहाबादी फरशी, पाव्हण्यांना साखरेचा चहा. आणि एक वही. तीत आप्पाला दिलेला प्रत्येक रुपया आणि खाली बेरीज, सोळाशेतून वजा.

तीन वर्षं झाली की मुदत भरायची. आप्पा म्हणायचा, कागद जुना झाला, बदलून घेऊ. थकलेलं व्याज मुदलात मिळवायचं, स्टँपाचा खर्च वर चढवायचा आणि नवं गहाणखत करायचं. आठशेचे नऊशेवीस झाले. मग एक हजार पंच्याऐंशी. मग बाराशे पंच्याहत्तर. नवा कागद झाला की कायद्याच्या डोळ्यांना जुना दिसत नाही. जे व्याज होतं ते मुद्दल बनून बसतं आणि त्यावर पुन्हा व्याज चालू होतं. दाजींचे आठशे आणि त्यांची दुप्पट पहिल्याच कागदाबरोबर संपली होती. हे दाजींना ठाऊक नव्हतं. आकडा वाढलेला ते बघायचे, पण म्हणायचे, लिहू दे आप्पाला काय लिहायचं ते, सरकारचा कायदा त्याच्या बापाला चुकलेला न्हाई.

आणि मला? मला पहिल्या दिवसापासून ठाऊक होतं. माझा धंदाच तो. दाजी दर वेळी सही करून वही काढायचे आणि माझ्यापुढे नाचवायचे, बघ दत्तू, एवढे झाले, एवढे राहिले. मी “व्हय, व्हय” म्हणायचो. ते गेले की आम्ही कचेरीसमोरचे तिघेचौघे लिहिणारे पोट धरून हसायचो. आमच्यात त्यांचं नावच पडलं होतं, सोळाशे. “आले, सोळाशे आले,” असं कुणीतरी म्हणायचं आणि मीच सगळ्यांत मोठ्याने हसायचो... लिहायला बसलोच आहे तर अर्धवट लिहीत नाही.

का नाही सांगितलं? लोकांना मी सांगतो, की दाजी ऐकणारे नव्हते. खोटं आहे ते. वास्तुशांतीच्या पंगतीत दाजींनी मला वाढता वाढता सगळ्यांदेखत म्हटलं होतं, आमचा दत्तू साऱ्या सांगलीच्या घरांचे कागद लिहितो आणि स्वतः राहतोय बघा भाड्याच्या खोलीत. पंगत खो खो हसली. दाजींच्या मनात काही नव्हतं. खीर वाढायला ते लगेच पुढे गेलेसुद्धा. मी ती खीर पानात तशीच टाकून उठलो. त्या एका वाक्यापायी मी अकरा वर्षं मूग गिळून बसलो. म्हटलं चालू दे, मालक आहेत ना घराचे, मोजू दे सोळाशे. इतका हलका माणूस आहे मी, आणि गावात माझी ओळख अबोल आणि सरळ माणूस अशी आहे.

गेल्या वर्षी दाजींना धाप लागायला लागली. कोळशाच्या धुरात काढलेली वर्षं छातीत उतरली असं डॉक्टर म्हणाला. घर मोकळं करूनच डोळे मिटायचे, हे त्यांनी मनाशी घेतलं. आपल्यामागं अक्काला कुणी त्या दारातून बाहेर काढू नये, एवढंच त्यांचं मागणं होतं. वहीत सातशे अडुसष्ट भरल्याची बेरीज होती, राहिले आठशे बत्तीस. अक्काच्या पाटल्या आणि तिच्या आईकडची, म्हणजे आमच्या आईची, मोहनमाळ त्यांनी मोडली. अक्काने एका शब्दाने विचारलं नाही. उलट गहाणखत परत आलं की देवापुढे ठेवायचं म्हणून तिने पाट मांडून ठेवला होता. दाजी धुतलेलं धोतर नेसून, टोपी घालून, सोळाशे पुरे करायला पेठेत गेले.

आप्पाने रुपये मोजून घेतले, पावती केली, चहा मागवला आणि पावतीच्या खाली बाकी मांडली, पाचशे सत्तावन्न.

दाजी तिथून सरळ माझ्या पाटाशी आले. आरडाओरडा केला असता तर बरं झालं असतं. खाली बसले, धाप ओसरू दिली आणि वही आणि पावती शेजारी शेजारी ठेवली. “दत्तू, हे सगळं तूच लिवलंयस. माझं कुठं चुकलं तेवढं सांग.” बाजूचे लिहिणारे खाली मान घालून आपापल्या कागदात शिरले. मी दाजींना पहिल्या कागदापासून सांगितलं. नवा कागद म्हणजे काय, थकलेलं व्याज मुदलात कसं जातं, दुप्पट कशाची धरायची. मग त्यांनी विचारलं, पाचाच्या जागी बारा दिले असते तर? मी हिशेब मांडला. बारा रुपयांनी सव्वानऊ वर्षांत घर मोकळं झालं असतं, आणि सगळे मिळून सव्वातेराशेच्या आसपास गेले असते. सोळाशेपेक्षा कमी. त्यांनी तो आकडा दोनदा म्हटला. मग माझ्याकडे बघून विचारलं, “तुला हे पयल्यापास्नं ठावं हुतं?” मी खाली बघितलं. त्यांनी पुन्हा विचारलं नाही. शिवीसुद्धा दिली नाही. वही तिथेच ठेवून उठले आणि स्टँडकडे निघून गेले.

त्या दिवसानंतर दाजी त्या घरात नीट राहिले नाहीत. भिंतींकडे बघवत नाही म्हणायचे. पडवीत बसले तर फरशीकडे बघत बसायचे, हिला किती लागले, चुन्याला किती, आणि बेरीज मनातल्या मनात चालू. एकदा अक्काला म्हणाले, हे सारं मी व्याजानं आणलं गं. शेवटी लेकीने त्यांना साताऱ्याला नेलं. ज्या घरात मरायला मिळावं म्हणून आयुष्य घातलं, ते सोडून लेकीच्या सासरच्या माजघरात गेले. मी त्यांना भेटायला गेलो नाही. गाडी रोज सुटत होती. तिचा ड्रायव्हर मला ओळखणारा, रोज हाक मारायचा, येताय का म्हणून... मी रोज उद्या म्हणालो.

तेराव्यानंतर अक्का सांगलीला परत आली आणि तिने मला बोलावून घेतलं. आप्पाचा निरोप होता, की घाई नाही, पण कागद आता बाईंच्या नावावर करून घ्यावा. मी स्टँप घेऊनच गेलो होतो. अक्का भिंतीला टेकून बसली होती. तिच्या मनगटावर पाटल्यांच्या जागी गोरा पट्टा राहिला होता. ती म्हणाली, दोन घरचा स्वयंपाक धरलाय, महिन्याला पाच रुपये देईन, लिही. मी दौत उघडली. आणि मग काय झालं कोण जाणे, टाक बुडवला तो तसाच धरून राहिलो. म्हटलं, अक्का, आधी ऐक. व्याज धरून आता पावणेसहाशेच्या घरात देणं आहे. त्याचं व्याजच महिन्याला पावणेसहा रुपये. तू पाच देणार.

“मग फिटायचं कवा?”

“कधीच नाही.”

तिला शाळा नाही. मी जोंधळे मागितले. फरशीवर मुदलाचा ढीग केला, व्याजाचा केला, तिचे पाच उचलले, राहिलेले मुदलात लोटले. पुन्हा केलं. तिसऱ्या वेळी तिनेच लोटले. घर विकलं तर काय येईल तेही मी सांगितलं, कारण लढाईनंतर किमती चढल्या आहेत. ती म्हणाली, मग इकून टाक, आज आप्पाला सांग. तसं झालं. देणं फिटून चांगली रक्कम तिच्या पदरात पडली, ती साताऱ्याला पोस्टात ठेवली आहे, अक्का लेकीपाशी सुखात आहे. घरात आता कुपवाडकडचं एक कुटुंब राहतं. त्यांनी रोख पैसे दिले, खरेदीखत मी लिहिलं आणि पहिल्या अक्षरापासून शेवटपर्यंत मोठ्याने वाचून दाखवलं.

पण त्या दुपारी, इकून टाक म्हणाल्यावर, अक्का जोंधळे ओंजळीने गोळा करत होती. एकेक दाणा वेचून तिने सूप भरलं. मग मान वर न करता मला विचारलं, “किती येळ लागला रं तुला हे सांगायला?”

मी म्हणालो, अर्धा तास.

“तेवढा त्यास्नी द्यायचा हुतास.”